बडी गायची तीस वर्षं रेकॉर्ड कंपन्यांनी वाया घालवली का? आणि ऐकायला सुरुवात कुठून करू?

खर्ज
'सिनर्स' हा सिनेमा पाहिला. शेवटी क्लबात बसलेला म्हातारा गिटारवाला कुणी नट नसून खराखुरा ब्लूजवाला (ब्लूज म्हणजे अमेरिकेतल्या काळ्या लोकांचं संगीत) बडी गाय आहे, हे घरी आल्यावर कळलं. मग शोधाशोध सुरू झाली आणि झोपेचं खोबरं झालं.

जन्म ३० जुलै १९३६. लुइझियानातलं लेट्सवर्थ नावाचं खेडं, वाट्याने केलेली शेती, लहानपणी कापूस वेचायला जायचं. १९५७ मध्ये शिकागो गाठलं. १९६० पासून १९६७ पर्यंत चेस रेकॉर्ड्स या तिथल्या ब्लूज कंपनीत. आणि जगभर नाव होईल असा स्वतःचा अल्बम कधी? १९९१ मध्ये, 'डॅम राइट, आय हॅव गॉट द ब्लूज'. वय वर्षं ५५! आपल्याकडे या वयात लोक निवृत्तीचे हिशोब मांडायला घेतात.

चेसच्या काळातली गाणी ऐकली. वाईट नाहीत, पण बऱ्याच ठिकाणी गिटार दबलेली आणि मागे ट्रम्पेट-सॅक्सोफोनवाले सुटलेले. १९९१ चा अल्बम लावला तर गिटार अंगावर येते. माझं मत असं की कंपन्यांनी या माणसाची उमेदीची वर्षं वाया घालवली. पटतंय का? आणि नवख्याने सुरुवात कुठून करावी? बीबी किंग थोडाफार ऐकलाय, बाकी पाटी कोरी.

चहाटळ
शीर्षक वाचून पशुसंवर्धनाचा धागा समजून आलो होतो. आलोच आहे तर बसतो. चालू द्या.

बेसूर_बाप्पा
खर्जराव, चांगला विषय काढलात. 'वाया' म्हणायच्या आधी एक गोष्ट ऐका.

१९६३ साली चेसवाल्यांनी ठरवलं की त्यांचा बडा ब्लूज गायक मडी वॉटर्स याचा एक साधा, विजेच्या गिटारीविना अल्बम करायचा, कारण तेव्हा लोकसंगीताची हवा होती. कंपनीचा मालक लेनर्ड चेसची अपेक्षा अशी की मडी मिसिसिपीतून कुणीतरी जुना खोड शोधून आणेल. मडी घेऊन आला बडीला. वय २७. लेनर्डचा विश्वासच बसेना की हे पोरगं जुन्या वळणाचं वाजवेल. तो 'फोक सिंगर' अल्बम १९६४ मध्ये आला. डबल बासवर विली डिक्सन, ड्रमवर क्लिफ्टन जेम्स आणि बडीची अकूस्टिक गिटार. हेडफोन लावून ऐका. मडी एक ओळ म्हणून थांबतो आणि त्या मोकळ्या जागेत बडी दोन-तीन सूर ठेवतो. तेवढेच. चौथा वाजवायचा मोह झालाच नाही असं वाटतं.

चेसच्याच बाकी गायकांचं बघा: हाउलिन वुल्फच्या 'किलिंग फ्लोअर'वर तो आहे, कोको टेलरच्या 'वँग डँग डूडल'वर आहे. म्हणजे त्या सात वर्षांत त्याने भरपूर काम केलं, फक्त तबकडीवर नाव दुसऱ्याचं. वाया कसं म्हणायचं?

खर्ज
बाप्पा, हा तर माझाच मुद्दा झाला की! दुसऱ्याच्या नावावर वाजवून घेतलं, त्याला स्वतःचं काही करू दिलं नाही. तो क्लबात जसं वाजवायचा ते लेनर्ड चेसला नुसता गोंगाट वाटायचा, असं सगळीकडे लिहिलंय.

फटकळ
आणि लेनर्ड चेस निम्मा बरोबर होता.

घ्या, मारा दगड. पण बडी गायला कुणीतरी 'पुरे' म्हणणारं लागतं. त्याचे मंचावरचे कार्यक्रम बघा. एक गाणं सुरू करतो, अर्ध्यात सोडतो. मग 'जॉन ली हुकर असा वाजवायचा' म्हणून दोन मिनिटं, 'क्लॅप्टन असा वाजवतो' म्हणून दोन मिनिटं, मध्ये चावट बोलणं, मध्ये काठीने तारा बडवणं. पैसे देऊन आलेल्याला एक गाणं तरी धड मिळावं की नाही? 'फोक सिंगर' चांगला झाला कारण तिथे मडी बसला होता, आणि मडीपुढे आगाऊपणा करायची कुणाची टाप नव्हती.

वांद्रे_पश्चिम
फटकळ, तुम्ही हे व्हिडिओ बघून म्हणताय. मी २०११ मध्ये मेहबूब स्टुडिओत होतो, महिंद्रा ब्लूज फेस्टिव्हलचं पहिलं वर्ष. गाणी अर्धी सोडतो हे खरं आहे, नाकारत नाही. पण समोर उभं असताना ते खटकत नाही. तो आवाज एकदम खाली आणतो. म्हणजे इतका खाली की तारेला नख लागल्याचं ऐकू यावं. शेजारी कुणी कुजबुजलं तर चार माणसं वळून बघतात. आणि सगळे असे कान देऊन उभे असताना एकच सूर असा फाडतो की माझ्यापुढच्या माणसाच्या ग्लासातलं निम्मं माझ्या शर्टावर. शर्ट गेला, तक्रार नाही.

ती ठिपक्याठिपक्यांची गिटारही डोळ्यांनी पाहिली. हात जाडजूड, बोटं लांब. वय तेव्हा ७४.

मिंडवाली
कोरी पाटी असलेल्यांसाठी थोडं सुरांचं. मी सतार शिकते, त्यामुळे मला ब्लूज त्या वाटेने समजला. (जाणकारांनी रागावू नये.)

बारा मात्रांचा नव्हे, बारा 'बार'चा साचा असतो. पहिले चार बार षड्जावर, पुढचे दोन मध्यमावर, दोन परत षड्जावर, मग एक पंचमावर, एक मध्यमावर आणि शेवटचे दोन घरी, म्हणजे पुन्हा षड्जावर. हजारो गाणी एवढ्याच रस्त्याने जातात. मग मजा कशात? गंधारात. कोमल ग आणि शुद्ध ग यांच्या मध्ये कुठेतरी एक जागा आहे, पियानोवर तिला पट्टी नाही. गिटारवाला कोमल गंधाराच्या पडद्यावर बोट ठेवून तार थोडी वर ढकलतो आणि तिथे पोचतो. सतारीवर मींड घेताना तार ओढतो, तीच क्रिया. बडी गाय ही जागा दर वेळी थोडी वेगळी घेतो. कधी शुद्धच्या जवळ, कधी पोचायच्या आधीच सोडून देतो. बीबी किंग मोजून घेतो, आणि वर गेल्यावर मनगटाने जो कंप देतो तो एकसारखा असतो. बडीचा कंप घाईचा, थरथरता. मला तो अस्वस्थ करतो, म्हणून आवडतो.

चहाटळ
मिंडवाली, इतकं सोपं आमच्या पेटीच्या मास्तरांनी सांगितलं असतं तर मी आज इथे टवाळी करत बसलो नसतो.

नाना_शिकागोकर
उशिरा आलो. इकडे थंडी सुरू झाली आणि आमचे हात गोठले.

तो शिकागोत आला तो दिवस २५ सप्टेंबर १९५७. तारीख त्याला पाठ आहे, मुलाखतींत सांगतो. त्याआधी बॅटन रूजला लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटीत झाडलोट-देखभालीचं काम करत होता. इथे ओळखपाळख बेताचीच, काम मिळेना, खायचे वांधे. परत जायच्या बेतात असताना ४७ व्या रस्त्यावरच्या ७०८ क्लबात कुणीतरी त्याला नेलं. तिथे ओटिस रश हा ब्लूज गिटारवाला वाजवत होता, त्याने मंचावर बोलावलं. बडीने गिटार स्लिम या दुसऱ्या गिटारवाल्याचं गाणं वाजवलं. मालकाने मडी वॉटर्सला निरोप धाडला. मडी आला, पोराचा चेहरा बघून ओळखलं की याच्या पोटात काही नाही, आणि गाडीत बसवून त्याला सलामी सँडविच खाऊ घातलं. बडी आजही ब्लूजबद्दल बोलायला लागला की सँडविचवर येतोच.

आता खर्जरावांचा प्रश्न, की तीस वर्षं काय करत होता. बराच काळ दिवसा बंद पडलेल्या गाड्या ओढून नेणारा ट्रक चालवत होता! रात्री क्लब, सकाळी ट्रक. मडी-वुल्फच्या तबकड्यांवर वाजवणारा माणूस, १९६७ च्या सुमारापर्यंत हेच. चेसमध्ये असताना स्वतःच्या नावाचं एकच गाणं चार्टवर चढलं, 'स्टोन क्रेझी', १९६२ मध्ये. त्यावर घर कसं चालणार?

पुढे १९७२ मध्ये त्याने साउथ साइडला 'चेकरबोर्ड लाउंज' काढलं. ते गेल्यावर १९८९ मध्ये 'लेजंड्स', आता साउथ वॉबॅशवर आहे. मी गेलोय. दर जानेवारीला तो स्वतः तिथे वाजवायचा, तिकिटांवर उड्या पडायच्या. एरवी बारच्या टोकाला स्टुलावर बसलेला असायचा, एखाद्या साध्या मंगळवारीसुद्धा. मंचावरच्या मंडळींनी आग्रह केला की उठून दोन गाणी म्हणायचा. जेवण लुइझियानाचं, गंबो वगैरे. बायकोला गाणं आवडलं नाही, गंबो आवडला.

चहाटळ
वहिनींचा निर्णय मान्य. नाना, मडीने सँडविचऐवजी वडापाव दिला असता तर तो पहिल्या लोकलने परळला आला असता आणि आज हा धागा शास्त्रीय विभागात असता.

पेठकर
त्या ठिपक्यांच्या गिटारीचं काय प्रकरण आहे? नुसती स्टाइल?

नाना_शिकागोकर
नाही. आईला पक्षाघात झाला होता. निघताना तिची समजूत घालायला हा म्हणाला, शिकागोत जाऊन खूप पैसे कमावीन आणि तुला ठिपक्यांची कॅडिलॅक गाडी घेऊन येईन. थाप होती, तिलाही कळत होतं. ती १९६८ मध्ये गेली, त्याला मंचावर नाव काढताना कधी पाहू शकली नाही. नंतर त्याने ठिपके गिटारीवर चढवले. शर्टही बऱ्याचदा ठिपक्यांचा असतो.

वांद्रे_पश्चिम
हे माहीत नव्हतं. मी तिथे शेजारच्याला 'सर्कशीतला वाटतो' म्हणालो होतो.

बेसूर_बाप्पा
नानांनी गिटार स्लिमचं नाव घेतलं म्हणून. लहानपणी बडीने घराच्या खिडकीच्या जाळीतल्या तारा काढून वाद्य केलं होतं, त्यामुळे डास घरात आणि आई मागे लागलेली. मग वडिलांनी दोन तारांची एक जुनी गिटार कुणाकडून तरी दोन-चार डॉलरला घेऊन दिली. त्यावर जॉन ली हुकरचं 'बूगी चिलन' बसलं, ते पहिलं गाणं. पुढे बॅटन रूजमध्ये गिटार स्लिमचा कार्यक्रम. गिटार ऐकू येतेय, मंचावर माणूस नाही! थोड्या वेळाने स्लिम बाहेरच्या दारातून वाजवत आत आला, भडक लाल सूट, मागे शेकडो फूट वायर. बडीने तिथेच ठरवलं म्हणतात, की वाजवीन बीबी किंगसारखं आणि वागीन गिटार स्लिमसारखं. शिकागोत आल्यावर त्याने तीच लांब वायर घेतली. वाजवत वाजवत रस्त्यावर, भर थंडीत. ब्लू फ्लेम क्लबातल्या गिटारींच्या चढाओढीत मॅजिक सॅम आणि ओटिस रश समोर असताना तो असाच बाहेरून वाजवत आला आणि जिंकला.

म्हणून फटकळ, तुम्ही ज्याला आगाऊपणा म्हणता तो त्याच्या शिक्षणाचाच भाग आहे.

पेठकर
शंभर फूट वायर! आमच्या गणेशोत्सवातल्या बेंजो पार्टीची आठवण झाली. बेंजोवाला हातगाडीवर, जनरेटर मागच्या टेम्पोत, मधली वायर सांभाळायला एक पोरगा. एका वर्षी तो पोरगा नाचायला गेला आणि वायर तुटली. पुढचा अर्धा रस्ता नुसता ताशा.

चहाटळ
त्या पोरग्याला 'केबल टेक्निशियन' म्हणा हो, आता पॅकेज असतं.

पेठकर
हसू नका, मुद्दा आहे. त्या बेंजोचा भोंग्यातून येणारा फाटका आवाज आम्हाला भारी वाटायचा, आणि घरची मोठी माणसं त्याला गोंगाट म्हणायची. लेनर्ड चेस आमच्या वाड्यातही होते.

फटकळ
बेंजोपर्यंत आलो म्हणजे धागा वयात आला.

बरं, मूळ मुद्दा. बडीचं चेसमधलं काम १९६७ ला संपलं. त्यानंतर १९९१ पर्यंत कोण आडवं आलं? १९६८ चा व्हॅनगार्डचा 'अ मॅन अँड द ब्लूज' अल्बम आहे, छान आहे, संयत आहे. १९७० ला रोलिंग स्टोन्सच्या युरोप दौऱ्यात सुरुवातीला वाजवायला मिळालं. म्हणजे संधी होत्या. दर वेळी खलनायक कंपनीच कशी?

बेसूर_बाप्पा
कारण बाजारच नव्हता. साठीच्या शेवटाला काळ्या तरुणांनी ब्लूजकडे पाठ फिरवली, त्यांना सोल हवं होतं. गोऱ्या पोरांना हवा होता तो आवाज क्लॅप्टन-हेन्ड्रिक्सकडून मिळत होता. आणि त्या दोघांना तो कुठून मिळाला? क्लॅप्टनने १९६५ मध्ये लंडनच्या मार्की क्लबात बडीला फक्त बास आणि ड्रम घेऊन वाजवताना पाहिलं, 'क्रीम' या त्याच्या तिघांच्या बँडची कल्पना तिथून सुचली असं तो स्वतः सांगतो. हेन्ड्रिक्स १९६८ मध्ये न्यूयॉर्कला टेपरेकॉर्डर घेऊन बडीच्या कार्यक्रमाला आला आणि पुढे बसून ध्वनिमुद्रण केलं. बडीला तो कोण तेही माहीत नव्हतं.

लेनर्ड चेसला हे शेवटी उमगलं. बडी सांगतो की त्याने ऑफिसात बोलावलं, क्रीमसारख्या मंडळींच्या तबकड्या ऐकवल्या, मग पाठ करून वाकला आणि म्हणाला, मला लाथ मार. तू हेच वाजवायचं म्हणत होतास आणि आम्ही मूर्खासारखे नको म्हणत होतो.

खर्ज
हा घ्या कबुलीजबाब! धागा इथेच बंद करायला हरकत नाही.

सखूबाई_सॅनफ्रान्सिस्को
बंद कशाला? गोऱ्यांनी उचललं आणि पैसे केले, हा भाग एवढ्यात संपला?

नाना_शिकागोकर
सखूबाई, त्याबद्दल आपल्याला जेवढा राग येतो तेवढा बडीला आलेला दिसत नाही. तो नेहमी उलट बोलतो, की त्या इंग्रज पोरांनी आमची नावं घेतली म्हणून अमेरिकेला आम्ही कळलो. १९६५ मध्ये रोलिंग स्टोन्सनी 'शिंडिग' या टीव्ही कार्यक्रमात हाउलिन वुल्फ असेल तरच येऊ अशी अट घातली होती. त्याआधी देशभरच्या टीव्हीवर वुल्फ कुणाच्या घरी पोचला होता?

सखूबाई_सॅनफ्रान्सिस्को
तो उदार आहे म्हणून हिशोब चुकता होत नाही. ट्रक तो चालवत होता, क्लॅप्टन नाही.

मिंडवाली
सखूबाईंना +१. आणि १९९१ चा अल्बमसुद्धा क्लॅप्टनने लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये सोबत वाजवायला बोलावलं त्यानंतरच आला ना? त्यात पाहुणे म्हणून क्लॅप्टन, जेफ बेक, मार्क नॉफ्लर. म्हणजे ५५ व्या वर्षीही शिफारसपत्रं लागलीच. त्याच्या आदल्या वर्षी ऑगस्टमध्ये अल्पाइन व्हॅलीच्या कार्यक्रमात गिटारवाला स्टीव्ही रे वॉनसोबत शेवटच्या गाण्यात बडीही मंचावर होता. त्याच रात्री वॉनचं हेलिकॉप्टर पडलं. अल्बमचा शेवट वॉनच्या आठवणीतल्या वादनाने होतो, त्यात शब्द नाहीत. तो एक तुकडा मला त्या चकचकीत अल्बममध्ये सगळ्यात खरा वाटतो.

पेठकर
आणि ओबामांना गायला लावणारा हाच ना? व्हाइट हाउसमध्ये?

वांद्रे_पश्चिम
हाच. २०१२. 'स्वीट होम शिकागो'च्या दोन ओळी म्हणायला लावल्या. मुंबईत २०२३ मध्ये पुन्हा आला होता, निरोपाच्या दौऱ्यावर, वय ८६. तेव्हा मी नव्हतो, तिकीट काढायचं राहिलं. त्यावर बोलायचं नाही.

चहाटळ
निरोपाचा दौरा म्हणून आला आणि नंतर २०२५ मध्ये नवा अल्बम काढला. वय ८९. आपल्याकडच्या नाट्य-संगीतवाल्यांकडून निरोपाची पद्धत शिकलेला दिसतो.

खर्ज
सगळं वाचतोय, मजा येतेय. पण सुरुवात कुठून करू हे अजून कुणी सांगितलं नाही!

बेसूर_बाप्पा
१९९१ ने करू नका, ते ऐकून झालंय. 'हूडू मॅन ब्लूज', १९६५, डेलमार्क. अल्बम हार्मोनिकावाल्या ज्युनियर वेल्सचा. बडी चेसशी करारात बांधलेला आहे या समजुतीने पहिल्या आवृत्तीवर त्याचं नाव 'फ्रेंडली चॅप' असं छापलं! मध्येच त्याचा अ‍ॅम्प्लिफायर बंद पडला, तर गिटार हॅमंड ऑर्गनच्या फिरत्या लेस्ली स्पीकरला जोडून दिली. एक-दोन गाण्यांत आवाज पाण्याखालून आल्यासारखा लहरतो तो त्यामुळे. चार माणसं, एक खोली, क्लबातला रात्रीचा वेग. कंपनी छोटी, पैसा नाही, म्हणून कुणी ढवळाढवळ केली नाही.

त्यानंतर 'फोक सिंगर', शक्यतो त्याच आठवड्यात. मग 'स्टोन क्रेझी' हे गाणं, पण पूर्ण लांबीचं शोधा, सात मिनिटांच्या आसपासचं. रेकॉर्डवर कापून छोटं केलं होतं. तिथे चेसच्या स्टुडिओतच तो सुटलेला सापडेल. मग २००१ चा 'स्वीट टी', मिसिसिपीत केलेला, खरबरीत, चिखलात रुतलेला. त्याचं पहिलं गाणं एकट्या अकूस्टिकवर आहे, म्हातारपणाबद्दल. ते ऐकून दोन दिवस काही लावलं नाही मी.

फटकळ
'स्वीट टी' मान्य. तिथे त्याला पुरे म्हणणारा कुणीतरी होता, एवढंच नमूद करतो.

खर्ज
'हूडू मॅन' रात्री दोनदा ऐकला. बाप्पा, काय सुचवलंत! ज्युनियर वेल्स हार्मोनिका थांबवून नुसता श्वास घेतो आणि बडी त्या श्वासापुरतंच वाजवतो. वाया गेला हे मत मी सोडत नाही, उलट पक्कं झालं. २९ व्या वर्षी असं वाजवणारा माणूस दुसऱ्या दिवशी सकाळी ट्रक चालवायला जात होता. फटकळ, तुमच्या 'पुरे'वाल्या सिद्धांताला या अल्बमवर उत्तर द्या. इथे कोण म्हणत होतं पुरे?

फटकळ
ज्युनियर वेल्स. अल्बम त्याचा होता.

खर्ज
😀 तुम्ही ऐकणार नाही.

नाना_शिकागोकर
आता ओटिस रशवर कुणीतरी धागा काढा. वाया गेलेलीच माणसं मोजायची तर त्याचा नंबर बडीच्या आधी लागतो, आणि तिथे फटकळांचाही माझ्याशी वाद होणार नाही.

फटकळ
होणार. काढा धागा.